चढलं ते उतरेना

४ मार्च

ती. बाबांना नमस्कार,

अक्षर मुद्दाम मोठं काढलंय, तुम्हाला भिंग शोधायला लागू नये म्हणून. हे नव्या इमारतीत लिफ्ट बसवायला बाहेरगावी गेलेत. किती दिवस लागतील ते सांगता येत नाही, म्हणून या वेळचं पत्र माझं. चिमणी मजेत आहे, मीही.

आधीच सांगते, घाबरू नका. (झालं, आता तुम्ही घाबरलात.) घराच्या कर्जावरून बँकेशी जरा वाजलंय. कर्ज घेताना ठरलं होतं की बाजारात व्याज चढलं की आपलं चढणार आणि उतरलं की आपलंही उतरणार. चढलं तेव्हा आपलं लगेच चढलं. पुढे बाजारात ते उतरत गेलं, आपलं मात्र जिथल्या तिथे. हप्ता तोच होता म्हणून आपण बेसावध राहिलो. बँक वरच्या वर मुदत वाढवत होती. आपल्याला वाटत होतं कर्ज संपत आलं, आणि आता कळतंय की ते यांच्या निवृत्तीच्याही पुढे गेलंय! त्यावर बँकेने गेल्या वर्षी हप्ताच वाढवला. आपण जुना हप्ता भरत राहिलो, तर फरकाची थकबाकी, थकबाकीवर दंड आणि दंडावर व्याज. दोन महिन्यांत सगळं भरा, नाहीतर घराचा ताबा घेऊ, अशी नोटीस आली आहे.

सह्या झाल्या त्या दिवशी तुम्ही आमच्याबरोबर होतात आणि तेव्हा तुमचे कान शाबूत होते. तेव्हाच्या साहेबांनी व्याजाचं नक्की काय सांगितलं होतं, आठवतं का? मला बँकेत जाऊन बोलायचंय.

आणि हो, यांचं तुम्हाला काही पत्रबित्र आलं का? तिथून फोन लागत नाही त्यांचा. सहज विचारते.

तुमची सून

९ मार्च

चि. सूनबाई,

तुझं पत्र मिळालं. न आठवायला काय झालं? साहेब म्हणाले होते, "आजोबा, व्याज म्हणजे लिफ्टसारखं असतं. वर जातं तसं खालीही येतं." त्यावर आपला दिवटा म्हणाला, "साहेब, लिफ्टचं मला नका सांगू, कधी कधी ती वरच अडकते." सगळे हसले होते. मीच जास्त हसलो होतो, कारण साहेबांनी चहा मागवला होता.

पण पोरी, एक सांगतो. पाण्यात राहून माशाशी वैर करू नये. तू एकटी बाई, त्यांच्याकडे वकिलांची फौज. माझ्या या दोन खोल्या विकू आणि त्यांच्या तोंडावर पैसे मारू. मी तुमच्याकडे येऊन राहीन. बॉयलरपाशी जन्म गेला माझा, मला कोपरा पुरतो.

त्याची काळजी करू नकोस. खोकला काय, हवापालट झाला की कमी होतोच. पोटाला दोन वेळा मिळत असेल. परक्या गावीही माणसंच राहतात.

चिमणीला एकटीला घरात ठेवू नको. कोणी दार वाजवलं तर आधी आतून विचारायला सांग. मला मेल्याला दार वाजलेलंच कळत नाही, माझं बरं आहे.

बाबा

१६ मार्च

ती. बाबा,

तुम्ही म्हणालात तेच झालं. गेल्या गुरुवारी मी कामावरून आले तर बँकेची दोन माणसं जिन्यात, आपल्या दारासमोर. चिमणी दाराच्या आत, साखळी लावून, आणि फटीतून त्यांच्याशी बोलत होती. मोठ्या आवाजात बोलत नव्हते हो ते. तेच तर भयंकर. एक जण अगदी काका-मामासारखं विचारत होता, "बाळ, बाबा कुठे? बाबांनी तुला सांगितलं का, की हे घर आता तुमचं नाही?" दुसऱ्याने दाराचा फोटो काढला, खिडक्यांचा काढला, मग माझाही काढला. मी म्हटलं, "माझा कशाला?" तो म्हणाला, "नोंदीसाठी, वहिनी." वहिनी म्हणाला मला! ते गेले तेव्हा कुठे चिमणीने साखळी काढली. त्या दिवसापासून चिमणी शाळेतून सरळ माझ्याकडे येते आणि दातांच्या साच्यांच्या फळीखाली बसून अभ्यास करते. मी कवळ्या घडवते ती जागा तुम्ही पाहिली आहे. तिथे प्लास्टरची धूळ केवढी असते! पण करू काय?

दुसऱ्या दिवशी अर्धी रजा टाकून बँकेत गेले. तिथला व्यवस्थापक मान वर न करता म्हणाला, "व्याज खाली आलं नाही, कारण तुम्ही स्वतः ते बांधून घेतलंत. पाच वर्षांपूर्वी तुम्ही दोघांनी स्थिर व्याजाचा अर्ज दिलाय." म्हणजे व्याज अगदी टोकाला होतं, नेमकं तेव्हा! मी म्हटलं, "दाखवा."

दाखवला. बाबा, त्यावर यांची सही आहे आणि शेजारी माझी. आणि ती माझी नाहीच! मी सहीत आडनाव कधी लिहीत नाही, इथे पूर्ण नाव, आडनाव, खाली ठसठशीत रेघ. मला तर त्या अर्जाचा पत्ताही नव्हता. बँकेतल्याच कोणीतरी केली असणार. मला तिथल्या तिथे ओरडावंसं वाटलं, आनंदाने! म्हणजे चूक आपली नव्हतीच. मी बँकांच्या तक्रारी ऐकणाऱ्या कचेरीत अर्ज दिलाय, आणि खोटी सही कोणी केली त्याचा छडा लावा असंही लिहून दिलंय.

आता कोणी घाबरायचं काही कारण नाही. कोणीच. हे मुद्दाम लिहिते.

तुमची सून

२० मार्च

सूनबाई,

सहीचं प्रकरण ताणू नकोस. पोलिसांत तर मुळीच जाऊ नकोस. झालं ते झालं. खोल्यांना गिऱ्हाईक बघतोय.

माझं ऐक. कारण विचारू नकोस.

बाबा

२४ मार्च

ती. बाबा,

कारण विचारू नको म्हणता, पण मला दुसरं सुचतच नाहीये. तुम्ही एवढे भित्रे कधीपासून झालात? माझ्या लग्नाआधी याच सासऱ्यांनी कारखान्याच्या मालकाला फाटकात अडवलं होतं, असं ऐकलंय मी. आणि आता माझ्या नावाची खोटी सही करून कोणी माझं छप्पर काढून घेतोय, तर म्हणे ताणू नकोस!

ऐका, चक्रं फिरली आहेत. ज्या खिडकीवर तो अर्ज घेतला तिथल्या बाईला बँकेने चौकशी होईपर्यंत घरी बसवलंय. काल ती माझ्या कामाच्या जागी आली होती. माझ्याच वयाची. रडत होती. "मी सही केली नाही हो, आईशपथ," म्हणाली. मी म्हटलं, मग कोणी केली ते सांगा. ती माझ्याकडे नुसतं बघत राहिली आणि निघून गेली. मला दया आली नाही, खरंच सांगते. माझ्या पोरीला फळीखाली बसवणाऱ्यांची दया मी का करू?

दहा एप्रिलला सुनावणी आहे. तोवर काही झालं नाही तर मी पोलिसांतही जाणार. ती सही करणाऱ्याला गजाआड बघितल्याशिवाय मला झोप लागायची नाही.

तुमची सून

२८ मार्च

पोरी,

तुझं पत्र काल आलं. ते मी मोठ्याने वाचलं. बहिऱ्या माणसाने मोठ्याने कोणासाठी वाचायचं, ते तू विचारशील. आता सांगायलाच हवं.

तो माझ्याकडे आहे. होता. आज सकाळी उठलो तर त्याचं अंथरूण रिकामं. पाकीट इथेच, मोबाईल इथेच. मी गल्ली पाहिली, मागचा नाला पाहिला, पाण्याच्या टाकीवर चढवून एका माणसाला बघायला लावलं. लोक काहीतरी सांगतात, मला फक्त ओठ हललेले दिसतात. छातीत धडधडतंय म्हणून बसून लिहितोय, पुन्हा निघतो आहे. तुला सगळं माहीत असलं पाहिजे, म्हणून हे आधी.

तुझं घर सोडलं त्या दिवशीच तो माझ्या दारात आला. माझ्या पायावर हात ठेवून वचन घेतलं की कोणाला सांगायचं नाही. मला वाटलं कर्जाने घाबरलाय, चार दिवस राहील, निवळेल. दिवसभर मागच्या खोलीत बसतो. पोस्टमन आला तरी दिवा मालवतो. लिफ्टच्या अंधाऱ्या खड्ड्यात दोरावर लटकून काम करणारा माझा मुलगा, बाई, एका कागदाला भितो.

ती सही त्याने केली आहे. तुझ्या नावाची. तो बँकेत कसलातरी दाखला घ्यायला गेला होता. खिडकीवरची बाई म्हणाली, व्याज अजून चढणार आहे, आत्ताच बांधून घ्या. तेवढ्यात त्याला फोन आला, कुठल्यातरी इमारतीत लिफ्टमध्ये माणसं अडकली होती. तो निघाला, तर ती म्हणाली, बाईंचीही सही लागेल. हा म्हणाला, मग उद्या येतो. ती म्हणाली, आज शेवटचा दिवस आहे, करून टाका तुम्हीच, कोण बघतंय. याने केली. आणि विसरला. आता नोटीस आल्यावर बँकेत गेला तेव्हा त्यांनी तो अर्ज समोर धरला आणि याला सगळं आठवलं. घर आपण घालवलं, वर बायकोची खोटी सही. तुझी पत्रं आली की तो ओठ घट्ट मिटून ऐकायचा. काल 'गजाआड' ऐकलं आणि जेवला नाही.

मी तुला खोटं लिहिलं. निघतो.

संध्याकाळ

सापडला. एसटी स्टँडवर. सकाळपासून त्याच बाकावर बसला होता म्हणे. तुझ्याकडे यायलाच निघाला होता. गाड्या लागत होत्या, सुटत होत्या, याला उठताच येईना. मी शेजारी जाऊन बसलो. तो काहीतरी बोलला. मी म्हटलं, मला ऐकू येत नाही, लिहून दे. मग दोघेही रडलो, भर स्टँडवर. चहावाल्याने पैसे घेतले नाहीत.

बाबा

१ एप्रिल

ती. बाबा,

पत्र फोडलं ते जिन्यातच. 'अंथरूण रिकामं' एवढं वाचलं आणि मी पायरीवर बसले. 'संध्याकाळ'पर्यंत पोचेतो माझ्या काळजाचं पाणी झालं. पुढच्या वेळी आधी 'सापडला' लिहा आणि मग काय ते लिहा.

तो तुमच्याकडे आहे हे मला तुमच्या पहिल्या पत्रावरूनच कळलं होतं. खोकल्याचं मी कुठे काय लिहिलं होतं? पण विचारलं नाही. विचारलं असतं तर तुम्हाला एकतर खोटं बोलावं लागलं असतं, नाहीतर वचन मोडावं लागलं असतं. आणि मला वाटायचं, पत्र तुम्हाला लिहिलं तरी ऐकणार तोच. म्हणून तर लिहिलं, कोणी घाबरायचं कारण नाही. घरी यावं म्हणून लिहीत होते, आणि एकेक पत्राने त्याला आणखी कोपऱ्यात ढकलत होते. गजाआड म्हणे! माझी जीभ झडो.

अक्षर मी ओळखायला हवं होतं. इतकी वर्षं फ्रिजवरच्या त्याच्या चिठ्ठ्या वाचतेय. कदाचित ओळखायचंच नव्हतं.

राग आलाय, खोटं कशाला सांगू? सहीचा कमी आणि पळून गेल्याचा जास्त. इकडे माझी पोर साखळीआडून त्या माणसांना तोंड देत होती आणि हा बापाच्या घरी दिवे मालवत होता. परवापासून कामात लक्ष नाही; काल मेणात एक दाढ उलटी बसवली.

आता भीती वेगळीच. मी लिहून दिलंय की सही बँकेने केली. गप्प राहिले तर कदाचित जिंकेनही. पण ती खिडकीवरची बाई माझ्याकडे का बघत राहिली ते आता कळलं. तिला माहीत होतं, आणि ती मला ते सांगू शकली नाही. तिचीही पोरं असतील. आणि खरं सांगितलं, तर ते याला धरतील का? कोणाला विचारू? वकिलाला विचारायचं म्हणजे आधी त्याला सगळं सांगायला हवं. डोकं नुसतं भणभणतंय.

तरी ठरवलंय. खरं सांगायचं. त्याला पाठवा. येत नसेल तर बांधून पाठवा.

तुमची सून

६ एप्रिल

सूनबाई,

बांधायची वेळ आली नाही. तुझं पत्र त्याने स्वतः वाचलं, दोनदा. मग दाढी केली.

आज सकाळच्या गाडीत बसवलं. गाडी हलेपर्यंत मी पायरीजवळ उभा होतो, न जाणो. खिडकीतून हात हलवला त्याने. चेहरा पांढरा फटक पडला होता. त्याला काही बोलू नकोस असं मी म्हणणार नाही. बोल. पण आधी खायला घाल.

काय होईल ते लगेच कळव. मी रोज पोस्टमनच्या वाटेवर उभा राहतो, त्याची घंटा मला ऐकू येत नाही.

बाबा

१५ एप्रिल

ती. बाबा,

आधी हे: घर राहिलं.

आता सविस्तर. त्या कचेरीत लांबलचक टेबल होतं. एका बाजूला बँकेचा व्यवस्थापक आणि वकील, दुसऱ्या बाजूला आम्ही दोघं, मध्ये निकाल देणाऱ्या बाई. पन्नाशीच्या, सर्दी झालेल्या, सारख्या रुमालाने नाक पुसत होत्या. खिडकीवरची बाई भिंतीशी खुर्चीवर बसली होती. मी उठून म्हटलं, "माझ्या अर्जात एक गोष्ट चुकीची लिहिली गेलीय." तेव्हा तुमचा मुलगा उभा राहिला. टेबल दोन्ही हातांनी धरलं होतं त्याने. "ही सही मी केलीय. हिला माहीत नव्हतं," म्हणाला.

वकील तर टपूनच बसला होता. "म्हणजे खोटी सही! हा सरळ सरळ गुन्हा आहे. यांची तक्रार फेटाळा, आणि आम्ही फिर्याद देतो." मला डोळ्यांसमोर फक्त चिमणी दिसत होती, शेजारणीकडे ठेवलेली.

बाईंनी नाक पुसलं, अर्ज पुढे ओढला आणि सह्यांच्या खालची ओळ वाचली: "दोन्ही कर्जदारांनी माझ्यासमक्ष सही केली." खाली शिक्का आणि सही. त्यांनी विचारलं, "ही कोणाची?" व्यवस्थापक म्हणाला, "माझी. तेव्हा मी तिथे सहायक होतो." बाई माझ्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, "मग या बाई तुमच्यासमोर बसल्या होत्या?" तो वकिलाकडे बघू लागला. "बसल्या होत्या की नव्हत्या?" "...नव्हत्या." "म्हणजे खोटं एकाने लिहिलं आणि ते खरं असल्याचं दुसऱ्याने लिहून दिलं. द्यायची फिर्याद? दोघांच्याही नावाने द्यावी लागेल." वकिलाने फाईल बंद केली. फिर्यादीचं नाव पुन्हा कोणी काढलं नाही.

निकाल असा: माझी सही नाही म्हणून तो अर्जच रद्द. त्या दिवसापासून व्याज मूळ करारासारखं, बाजाराबरोबर उतरतं धरायचं. जास्त घेतलेलं सगळं मुद्दलात वळतं करायचं. दंड माफ, नोटीस मागे. हप्ता जुनाच, आणि चिमणी शाळा संपवेल त्याच सुमारास कर्ज फिटेल. आपण काही फुकट सुटलो नाही. बाईंनी याला सगळ्यांदेखत चांगलंच झापलं, त्याने मान खाली घालून ऐकून घेतलं. खिडकीवरच्या बाईचं काय होणार ते बँक ठरवणार आहे. जाताना ती आमच्याशी बोलली नाही, मीही बोलले नाही. मला तिचं वाईट वाटतंय, पण कसं सांगायचं ते कळत नाही.

घरी आलो. तसा तो गाडीने आला त्या दिवसापासून घरातच होता, पण पाहुण्यासारखा, बाहेरच्या खोलीत. सुनावणीच्या दिवशी मात्र दाराशी थबकला आणि विचारलं, "घर गेलं असतं, तर मला आत घेतलं असतंस?" मी म्हटलं, "घर गेलं असतं तर भाड्याच्या खोलीत घेतलं असतं. पण आधी तासभर जिन्यात उभं केलं असतं." हसला. मी नाही हसले. माझं अजून सगळं बोलून झालेलं नाही, बाबा. सावकाश बोलणार आहे.

पण खरी गंमत, म्हणजे गंमत तरी कसली, पुढेच आहे. सोमवारी याला कामावर जायचं होतं. कामाचे बूट मिळेनात, मागच्या वेळी बाहेरगावी जातो म्हणून घालून गेला होता तेच. सगळं घर पालथं घातलं. चिमणी शाळेत गेलेली. शेवटी चपला घालून गेला, तर मुकादमाने बुटांशिवाय खड्ड्यात उतरू दिलं नाही. परत आला. जाऊन शाळेच्या फाटकाशी बसला. पोर बाहेर आली तर दप्तर फुगलेलं, वह्या हातात. याने विचारलं, "बूट आहेत का गं त्यात?" ती म्हणाली, "आहेत." "देतेस?" ती जरा विचार करून म्हणाली, "उद्या."

मंगळवारीही 'उद्या'च म्हणाली. आज बुधवार. कामावरच्या साहेबांनी जुनेपुराणे दुसरे बूट काढून दिलेत, ते घालून तो कामावर जातो आणि तिथेच काढून ठेवतो. दप्तराला आम्ही दोघांनीही हात लावलेला नाही. ती देईल तेव्हा देईल.

तुमची सून